पुराव्याअभावी सुटला, म्हणजे नेमकं काय झालं?

आठ वर्षं चाललेल्या जबरी चोरीच्या खटल्यातून माझा एक अशील सुटला. तिसऱ्या दिवशी तो पेपरचं कात्रण घेऊन ऑफिसात आला. जिल्हा पानावर चार ओळींची बातमी होती आणि मथळा होता, 'सबळ पुराव्याअभावी आरोपींची सुटका'. सोबत निकालपत्राची नक्कल होती, शेवटचं पान वर काढलेलं. त्यातल्या एका शब्दाखाली त्याने निळ्या पेनाने दोनदा रेघ ओढली होती. म्हणाला, "साहेब, जजसाहेबांनी तर इथं 'निर्दोष' लिहिलंय. मग पेपरात हे कुठून आलं?"

अटक झाली तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता. एक वर्ष दोन महिने कच्च्या कैदेत, मग जामीन, मग सात वर्षं तारखा. प्रत्येक तारखेला मजुरी बुडायची आणि एसटीचं भाडं जायचं. दरम्यान ठरलेलं लग्न मोडलं. आता गावात लोक त्याला म्हणत होते, "सुटलास, नशीब तुझं. पुरावा नाही सापडला म्हणून." त्याला नशीब नको होतं. त्याने ते केलंच नव्हतं, एवढंच त्याला कुणीतरी म्हणायला हवं होतं.

या एका शब्दाबद्दल मला बरीच वर्षं लिहायचं होतं. 'पुराव्याअभावी' हा शब्द आपण सुटलेल्या माणसाच्या पाठीला चिकटवतो. तो चिकटवायला हवा ज्यांनी त्याला पकडलं त्यांच्या पाठीला. पुरावा आणण्याचं काम आरोपीचं नव्हतंच. ते सरकारचं होतं आणि ते झालं नाही, किंवा होण्यासारखं नव्हतं. यांपैकी काय घडलं हे सरकारला विचारायचं सोडून आपण सुटलेल्याकडे तिरक्या नजरेने पाहतो.

आधी कायदा काय म्हणतो ते पाहू, कारण बातम्यांमध्ये सगळ्या सुटका एकाच पोत्यात भरल्या जातात. खटला पुराव्याविना संपण्याचे निदान तीन टप्पे आहेत. पहिला पोलीस ठाण्यातच. तपासातून काही हाती लागलं नाही तर पोलीस दंडाधिकाऱ्यांकडे अंतिम अहवाल पाठवतात. आपल्याकडे त्याला समरी म्हणतात. गुन्हा खरा, पण आरोपी सापडला नाही किंवा त्याच्याविरुद्ध पुरावा नाही, तर 'अ' समरी. फिर्याद खोटी, तर 'ब'. गैरसमजातून दाखल झालेली किंवा मुळात दिवाणी स्वरूपाची, तर 'क'. ही अक्षरं सामान्य माणसाला कुणी समजावून सांगत नाही, पण फिर्यादी बाईच्या पुढच्या आयुष्यावर 'अ' आणि 'ब' यांतला फरक केवढा पडतो हे मी पाहिलंय. 'अ' म्हणजे तुझं खरं होतं, आम्ही कमी पडलो. 'ब' म्हणजे तू खोटी.

दुसरा टप्पा न्यायालयातला, पण साक्षीपुरावा सुरू होण्याआधीचा. दोषारोपपत्र वाचून न्यायाधीशाला वाटलं की खटला चालवण्याइतकाही आधार नाही, तर तो आरोपीला तिथेच सोडतो. याला आम्ही डिस्चार्ज म्हणतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत सत्र खटल्यांसाठी हे कलम २२७ होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत ते २५० झालं आणि अर्ज करायला ६० दिवसांची मुदत आली. पोलिसांनी पाठवलं ते पुढे ढकलायला न्यायाधीश म्हणजे टपाल कचेरी नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७८ सालीच सांगून ठेवलंय. तरीही खालच्या कोर्टात डिस्चार्ज सहजी मिळत नाही. 'पुराव्यात बघू' म्हणून आरोप निश्चित होतात आणि जो खटला पहिल्याच वर्षी संपायला हवा तो नवव्या वर्षी संपतो. माझ्या मते या सगळ्या प्रक्रियेतली सर्वात महागडी चूक इथेच होते.

तिसरा टप्पा म्हणजे निर्दोष मुक्तता. साक्षी झाल्या, उलटतपास झाले, युक्तिवाद झाले आणि गुन्हा शाबीत झाला नाही. डिस्चार्ज मिळालेल्यावर नवा पुरावा आला तर पुन्हा खटला चालू शकतो. निर्दोष मुक्तता अपिलात टिकली की त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला चालवता येत नाही.

या तिन्हींत कुठेही 'सुटला, पण डागासकट' असा निकाल नाही. आपण तो समाज म्हणून तयार केलाय. स्कॉटलंडमध्ये असा निकाल खरोखर होता. 'दोषी', 'निर्दोष' आणि 'शाबीत नाही' अशा तीन निकालांपैकी तिसरा कित्येक शतकं चालला. सुटलेल्याच्या कपाळावरचा शिक्का आणि पीडितासाठी अर्धवट उत्तर, अशी त्यावर दोन्ही बाजूंनी टीका व्हायची. शेवटी सप्टेंबर २०२५मध्ये तिथल्या संसदेने तो रद्द करणारा कायदा मंजूर केला. आपल्या कायद्यात तो कधीच नव्हता, पण आपल्या नोकऱ्यांत, सोयरिकीत आणि पारावरच्या गप्पांत तो रोज दिला जातो. सरकारी नोकरीच्या प्रकरणांत 'सन्मानपूर्वक सुटका' आणि 'संशयाचा फायदा देऊन सुटका' असा भेद केला जातो. हे 'सन्मानपूर्वक' प्रक्रिया संहितेतही नाही आणि दंडसंहितेतही नाही, ही निकालांतून आलेली भाषा आहे, असं खुद्द सर्वोच्च न्यायालयानेच २०१२ साली नोंदवलंय. तरी त्या भेदावर आजही पोरांच्या नेमणुका अडतात.

'पुराव्याअभावी' या एका शब्दाखाली किती वेगवेगळ्या गोष्टी दडतात हे आपल्याच राज्यातल्या खटल्यांतून दिसतं. निकालपत्र उघडून वाचलं की कोणती गोष्ट घडली ते कळतं. आपण उघडतच नाही.

नाशिक जिल्ह्यातलं २००३चं प्रकरण घ्या. शेतातल्या झोपडीवर रात्री दरोडा पडला, एकाच कुटुंबातल्या पाच जणांचा खून झाला, बाईवर आणि मुलीवर अत्याचार झाला. ऐकूनच पोटात कालवतं असा गुन्हा. भटक्या जमातीतले सहा जण पकडले गेले. नाशिकच्या सत्र न्यायालयाने २००६ साली सहाही जणांना फाशी सुनावली. उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम ठेवली आणि तिघांना जन्मठेप दिली. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाही जणांना फाशी दिली. त्यांतला एक गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता, हे नंतर निघालं.

आणि ५ मार्च २०१९ रोजी त्याच सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडलं. कारण काय, तर त्या रात्रीतून वाचलेल्या बाईने घटनेनंतर लगेच पोलिसांच्या फोटो अल्बममधून चौघांना ओळखलं होतं. ते चौघे म्हणजे हे सहा नव्हेत, ती वेगळीच माणसं. पोलिसांनी त्या चौघांचा माग काढलाच नाही. ही गोष्ट कागदावर होती. सोळा वर्षं, तीन न्यायालयांसमोर होती. न्यायालयाने प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितली आणि चुकलेले अधिकारी शोधून कारवाई करायलाही.

आता सांगा, हे सहा जण 'पुराव्याअभावी' सुटले म्हणायचं? पुरावा होता. तो दुसरीकडे बोट दाखवत होता. आणि त्या बाईचं काय? तिने घरातली पाच माणसं गमावली, हिंमत करून चार चेहरे ओळखले आणि तिचं म्हणणं कुणी ऐकलंच नाही. त्या सहा जणांवर जितका अन्याय झाला तितकाच तिच्यावर झाला, एकाच हाताने. म्हणूनच आरोपीचे हक्क आणि पीडिताचे हक्क तराजूच्या दोन पारड्यांत घालणारी चर्चा मला खोटी वाटते. तपास बिघडला की दोन्ही पारडी एकदम खाली जातात.

मालेगावचं २००६चं प्रकरणही याच जातीचं. ८ सप्टेंबरला, शब-ए-बारातच्या दिवशी, कबरस्तानाजवळ स्फोट झाले. शहरातलेच मुस्लीम तरुण पकडले गेले आणि जामीन मिळेपर्यंत त्यांची पाच वर्षं तुरुंगात गेली. तपास एटीएसकडून सीबीआयकडे, तिथून एनआयएकडे गेला आणि एनआयएने वेगळ्याच लोकांवर आरोपपत्र ठेवलं. विशेष न्यायालयाने एप्रिल २०१६मध्ये आधीच्या आरोपींना डिस्चार्ज दिला.

आता दाभोलकर खटला. तिथे गोष्ट उलटी आहे. २० ऑगस्ट २०१३ला सकाळी पुण्यात ओंकारेश्वराजवळच्या पुलावर डॉ. नरेंद्र दाभोलकरांवर गोळ्या झाडल्या गेल्या. १० मे २०२४ रोजी विशेष न्यायालयाने दोघा मारेकऱ्यांना जन्मठेप दिली आणि तिघांना सोडलं. पण सोडताना जे लिहिलं ते महत्त्वाचं आहे. संशयाला जागा होती, त्याचं पुराव्यात रूपांतर करण्यात तपास यंत्रणा कमी पडली आणि कटाचा सूत्रधार उजेडात आला नाही. हे अपयश नुसतं अपयश होतं की कुणाच्या प्रभावाखाली केलेली टाळाटाळ, असाही प्रश्न न्यायालयाने निकालात मांडला. असा प्रश्न न्यायाधीश जाता जाता लिहीत नाहीत. त्याला उत्तर कुणी दिलं? विधिमंडळात कुणी मंत्र्यांना विचारलं? जे सुटले त्यांना मी दोषी म्हणणार नाही, कायद्याने ते निर्दोष आहेत. माझा प्रश्न तपासाला आहे.

आणि ११ जुलै २००६. अकरा मिनिटांत पश्चिम रेल्वेच्या लोकलमध्ये सात स्फोट झाले, १८०हून अधिक माणसं गेली. २०१५ साली पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप झाली. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने बाराही जणांची शिक्षा रद्द केली. तोवर त्यांतला एक तुरुंगातच वारला होता. निकालात काय आहे? शंभरहून अधिक दिवस गप्प राहून मग बोललेले साक्षीदार. अधिकार नसलेल्या माणसाने घेतलेली ओळख परेड. एकमेकांची नक्कल वाटावी असे कबुलीजबाब. बॉम्ब कोणत्या प्रकारचा होता हेसुद्धा सरकार पक्षाला सांगता आलं नाही. तीन दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने या निकालाचा दाखला दुसऱ्या खटल्यांत देता येणार नाही असं म्हटलं, पण सुटलेल्यांना परत आत पाठवलं नाही. राज्याच्या अपिलाचा निकाल जो लागेल तो लागेल. पण संध्याकाळच्या गर्दीत विरार फास्ट पकडून घरी निघालेली ती माणसं कुणी मारली, याचं उत्तर एकोणीस वर्षांनंतर मुंबईला कुणीही दिलेलं नव्हतं. त्याच महिन्याच्या अखेरीस मालेगावच्या २००८च्या स्फोटाचा निकाल लागला आणि सातही आरोपी सुटले. तिथेही न्यायालयाने सांगितलं की संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याची जागा घेऊ शकत नाही.

या दोन निकालांवर आपण कसे बोललो ते आठवून पाहा. एका निकालावर आनंद आणि दुसऱ्यावर संताप. बाजू बदलली की दोन्ही उलटे. सुटलेल्यांचा धर्म आणि पक्ष पाहून 'निर्दोष' की 'पुराव्याअभावी' हा शब्द निवडला गेला. मला त्याची लाज वाटते. मालेगावात दोन्ही वेळा मेलेली माणसं तर एकाच गावची होती.

पुरावा नाहीसा कसा होतो हे लोकांना कटकारस्थान वाटतं. बऱ्याचदा ते एवढं नाट्यमय नसतं. सत्र न्यायालयातली एक साधी दुपार सांगतो. शिपाई पुकारा करतो, पंच पिंजऱ्यात येतो. सरकारी वकील पंचनामा दाखवतात. "ही सही कोणाची?" "माझी." "मजकूर वाचा." तो वाचतो. "हे तुमच्यासमोर घडलं?" पंच खाली बघतो. "साहेब, मला चौकीवर बोलावलं होतं. कागद तयार होता. सही करा म्हणाले, केली." सरकारी वकील त्याला फितूर जाहीर करायची परवानगी मागतात. मग मुद्देमाल येतो. सुरा बांधलेल्या कागदावर लाखेचं सील हवं, ते नाही. पंचांच्या सह्यांचं लेबल फाटलंय. मुद्देमाल ठाण्यात आला आणि रासायनिक विश्लेषणाला गेला, यांच्यामध्ये चोवीस दिवस आहेत आणि त्या चोवीस दिवसांत तो कुणाच्या ताब्यात होता हे सांगायला रजिस्टर नाही. चाळीस मिनिटांत सरकारची बाजू कोसळते. बाकावर मयताची आई बसलेली असते. तिला यातलं अक्षर कळत नाही, पण सरकारी वकिलांचा चेहरा तिला कळतो.

मी आरोपीचा वकील म्हणून अशा दुपारी जिंकलेलो आहे. सील नाही म्हणून मी बोट ठेवलं, आणि ठेवायलाच हवं होतं. ज्या तपासात सील लावायची तसदी घेतली जात नाही, त्यात सुरा तरी खरा कशावरून? पण बाहेर पडताना त्या आईकडे बघायची हिंमत झाली नाही.

यावर समोरून हमखास येणारा प्रश्न मला मान्य आहे. असं सोडत गेलात तर खरे गुन्हेगार मोकाट सुटतील, त्याचं काय? हा प्रश्न खुळचट नाही. १९७३ साली महाराष्ट्रातल्याच एका खुनाच्या अपिलात न्या. कृष्ण अय्यर यांनी बजावलं होतं की संशयाच्या फायद्याचा अतिरेक झाला तर लोकांचा कायद्यावरचा विश्वास उडेल. पण त्याच निकालात आरोपी दोषी 'असू शकतो' आणि दोषी 'असलाच पाहिजे' यांतलं अंतर मोठं आहे, हेही लिहिलंय. १९८४ साली पुण्याच्या एका विवाहितेच्या मृत्यूच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने परिस्थितिजन्य पुराव्याच्या पाच कसोट्या घालून दिल्या. देशभरातली कोर्टं आजही त्यांना पंचशील म्हणून उद्धृत करतात. मोकाट गुन्हेगारावरचा इलाज या कसोट्या सैल करण्यात नाही. तो त्या पेलतील असा तपास करण्यात आहे.

सैल केल्या की काय होतं हे हैदराबादने २०१९च्या डिसेंबरात दाखवलं. एका तरुण पशुवैद्यक डॉक्टरवरच्या बलात्कार आणि खुनाच्या प्रकरणातले चार संशयित पहाटे पोलिसांच्या चकमकीत मारले गेले आणि लोकांनी पोलिसांवर फुलं उधळली. नागपूरचे न्या. विकास सिरपूरकर यांच्या आयोगाने चौकशी करून पोलिसांची कहाणी विश्वास ठेवण्याजोगी नसल्याचं सांगितलं आणि दहा पोलिसांवर खटला चालवण्याची शिफारस केली. त्या चौघांनी गुन्हा केला होता की नाही, हे आता कोणत्याही कोर्टात ठरणार नाही. नाशिकच्या सहा जणांच्या बाबतीत २००३ सालीच लोकांनी फुलं उधळली असती तर?

दुसरा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलाय. जानेवारी २०१४मध्ये, गुजरातमधल्या सहा वर्षांच्या मुलीच्या खुनाच्या खटल्यात आरोपीची सुटका कायम ठेवावी लागली तेव्हा, न्यायालयाने सगळ्या राज्यांना आदेश दिला. प्रत्येक निर्दोष मुक्ततेचा निकाल तपासा, खटला का पडला त्याची कारणं नोंदवा, वरिष्ठ पोलीस आणि अभियोग अधिकाऱ्यांची स्थायी समिती नेमा आणि चूक ज्याची असेल त्याच्यावर खात्यामार्फत कारवाई करा. असा आढावा घेतला असेल तर तो फायलीत राहतो. मी इतकी वर्षं कोर्टात आहे, पण 'तुमच्या तपासातल्या या चुकीमुळे हा खटला पडला' असा कागद मयताच्या आईच्या हातात पडलेला मी एकदाही पाहिला नाही. माझी मागणी एवढीच आहे की तो कागद तिला मिळावा, मराठीत, निकालानंतर तीन महिन्यांत. अपील करायचा हक्क पीडिताला २००९च्या अखेरीपासून आहे. पण खटला कशाने पडला हेच ठाऊक नसेल तर अपील कशावर करायचं?

नव्या संहितेने काही चांगल्या गोष्टी आणल्यात. झडती आणि जप्तीचं चित्रीकरण करायचं आहे. सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायवैद्यक तज्ज्ञाने घटनास्थळी जायचं आहे, त्यासाठी राज्यांना पाच वर्षांची मुदत आहे. राज्यांनी साक्षीदार संरक्षणाची योजना करायची आहे. हे मनापासून झालं तर चौकीवर बसून लिहिलेला पंचनामा संपेल. पण त्याला प्रयोगशाळा लागतात, माणसं लागतात, आणि बंदोबस्तातून सुटून तपास करायला अंमलदाराला वेळ लागतो.

एका गोष्टीला मात्र नव्या संहितेने हात लावला नाही. चुकीच्या खटल्यात ज्याचं आयुष्य गेलं त्याच्या भरपाईचा कायदा आपल्याकडे नाही. विधी आयोगाने ऑगस्ट २०१८मध्ये २७७व्या अहवालात त्यासाठी स्वतंत्र तरतूद आणि विशेष न्यायालयं सुचवली होती. नवी संहिता आली तेव्हा त्यात ती नव्हती. जुन्यातलं जे टिकलं त्यातलं एक हे: पुरेशा कारणाविना एखाद्याला अटक करायला लावली, तर तसं करणाऱ्याकडून दंडाधिकारी जास्तीत जास्त एक हजार रुपये देववू शकतात. एक हजार. माझ्या अशिलाच्या तारखांचं नुसतं एसटी भाडं याच्या कितीतरी पट होतं. हेरगिरीच्या खोट्या आरोपात अडकवलेले इस्रोचे शास्त्रज्ञ नंबी नारायणन यांना १९९४च्या अटकेबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली पन्नास लाख दिले, नाशिकच्या सहा जणांना पाच-पाच लाख, आणि अक्षरधाम मंदिरावरच्या हल्ल्याच्या खटल्यातून २०१४ साली सुटलेल्यांची भरपाईची मागणी मात्र फेटाळली गेली. ज्याला दिल्लीपर्यंत जाता आलं त्यालाही मिळेलच असं नाही, आणि बाकीचे तर तालुक्याच्या स्टँडवरूनच घरी जातात. २०२२च्या अखेरीस देशातल्या पावणेसहा लाख कैद्यांपैकी सव्वाचार लाखांहून अधिक कच्चे कैदी होते. त्यांतले जे उद्या निर्दोष सुटतील त्यांच्यासाठी सरकारकडे दिलगिरीचा एक शब्दही नाही.

पेपरवाल्या मित्रांनाही एक विनंती आहे. अटकेची बातमी नाव, गाव आणि फोटोसकट तीन कॉलम जाते, सुटकेची चार ओळींत. ती निदान नीट लिहा. 'निर्दोष मुक्तता' असा निकाल असेल तर मथळ्यात तेच शब्द वापरा. पुढे एक वाक्य घाला: तपासात काय कमी होतं असं न्यायालयाने म्हटलं. ते वाक्य निकालपत्रात असतंच, शेवटच्या आठ-दहा पानांत.

माझ्या अशिलाने नंतर सुरक्षारक्षकाच्या नोकरीसाठी चारित्र्य पडताळणीचा अर्ज केला. दीड महिन्याने उत्तर आलं. गुन्हा रजिस्टर नंबर, कलमं, वर्ष, सगळं बिनचूक होतं. शेवटच्या रकान्यात शेरा होता, 'पुराव्याअभावी सुटका'. तो पुन्हा माझ्याकडे आला, तीच नक्कल घेऊन. आता ती त्याने लॅमिनेट करून घेतली आहे, निळ्या रेघेसकट. आम्ही दोघांनी बसून अर्ज लिहिला की शेऱ्यात न्यायालयाचे मूळ शब्द घालावेत. त्याला आता पाच महिने झाले.